वासातून आठवण साठवणारे यंत्र: कथेतल्या कल्पनेला शास्त्राचा आधार किती मिळेल?

मलप्रभाकाठ (खानापूर) यांचा प्रश्न

नमस्कार. बेळगाव जिल्ह्याच्या सीमाभागात घडणारी एक दीर्घ विज्ञानकथा मी लिहीत आहे आणि तिच्या मध्यभागी असलेल्या यंत्राविषयी येथील जाणकारांचे मत मला हवे आहे. यंत्र पूर्णपणे काल्पनिक आहे. कथेतील लोक त्याला ‘वासपेटी’ म्हणतात. एखादा वास घेताना माणसाच्या मनात जी आठवण जागी होते, ती आठवण आणि तो वास एकाच वेळी टिपून ठेवायचे आणि पुढे हवे तेव्हा तोच वास सोडून तीच आठवण पुन्हा जागी करायची, हे या पेटीचे काम आहे. पेटीचा एक भाग भोवतालची हवा ओढून घेऊन तिच्यातील द्रव्ये ओळखतो आणि मोजतो. दुसरा भाग म्हणजे डोक्याला बांधायचा पट्टा. तो त्या क्षणीची मेंदूतील हालचाल नोंदवतो. आठवण परत देताना लहान लहान कुप्यांमधील द्रव्ये ठरलेल्या प्रमाणात मिसळून वास तयार होतो आणि पट्टा मेंदूला आधी नोंदवलेल्या वाटेवर नेतो.

कथेत ही पेटी तीन घरांत जाते. पहिले घर निपाणीचे आहे. तंबाखूच्या वखारीत उमेदीची सगळी वर्षे काढलेल्या एका आज्जीला आता घरच्यांची नावे आठवत नाहीत आणि तिच्या आठवणी राहतील तेवढ्या राखाव्यात म्हणून पुण्यात नोकरी करणारी तिची नात पेटी घेऊन येते. दुसरे घर हिडकल धरणामुळे उठावे लागलेल्या एका शेतकऱ्याचे आहे. पाण्याखाली गेलेल्या आपल्या घराच्या सोप्याचा वास त्याला पुन्हा एकदा घ्यायचा आहे. तिसरे घर आमच्या खानापूर तालुक्यातले. तेथील बाई सगळ्यांनी सोडून दिल्यावरही बेळगाव बासमतीचे बियाणे दरवर्षी थोड्याशा वाफ्यात जपते आहे.

हवेतला वास संपूर्णपणे टिपणे आणि नंतर जसाच्या तसा उभा करणे आजच्या विज्ञानाच्या किती जवळ आले आहे, हे मला नेमके समजून घ्यायचे आहे, कारण वाचकाकडून एखादी अशक्य गोष्ट मान्य करून घेण्याचा हक्क लेखकाला असला, तरी त्याने पानोपानी नव्या अशक्य गोष्टी लादू नयेत, असे मला वाटते. एकाची आठवण दुसऱ्याच्या मनात उतरू शकेल का, म्हणजे आज्जीची नोंद नातीने लावून पाहिली तर नातीला काय जाणवावे, हाही प्रश्न आहे. आणि एकच आठवण पुन्हा पुन्हा जागी केली तर ती पक्की होते की झिजते? कथेचा शेवट याच उत्तरावर अवलंबून आहे. आपल्या भागाविषयी लिहिताना सीमाप्रश्नापलीकडचे रोजचे जगणे फारसे कागदावर येत नाही, ही माझी जुनी खंत आहे. म्हणून शास्त्राचे आणि गावाचे, दोन्ही तपशील बरोबर असावेत अशी मनापासून इच्छा आहे.


काचनळी (बेळगाव)

मी रसायनशास्त्र शिकवतो, तेव्हा वास टिपण्याच्या प्रश्नापुरते लिहितो.

आपल्या पेटीचा पहिला भाग फारसा काल्पनिक नाही. अत्तराच्या उद्योगात फूल न तोडता त्याच्यावर काचेचा घुमट ठेवतात आणि आतली हवा शोषक भुकटी भरलेल्या बारीक नळीतून हळूहळू ओढून घेतात. नळीत अडकलेली द्रव्ये नंतर तापवून गॅस क्रोमॅटोग्राफ या उपकरणात सोडली की ती एकामागून एक सुटी होतात आणि त्याला जोडलेला मास स्पेक्ट्रोमीटर प्रत्येकाची ओळख पटवतो. हे उपकरण सहसा टेबलभर जागा घेते आणि एका नमुन्याला बराच वेळ घेते. कथेत ते खांद्याला अडकवण्याइतके लहान झाले, असे आपण लिहिलेत तर कोणाही रसायनशास्त्रज्ञाला ते खटकणार नाही.

खरी अडचण यंत्र आणि नाक यांच्यात एकमत नसण्याची आहे. यंत्राला जे द्रव्य भरपूर आढळते ते नाकाच्या दृष्टीने क्षुल्लक असू शकते आणि नाकाला जे तत्काळ कळते ते यंत्राकडून निसटू शकते. आपल्या बासमतीचेच पाहा. तो शिजू लागला की शेजारच्या घरालाही कळते, यामागे प्रामुख्याने २-असिटिल-१-पायरोलिन नावाचे द्रव्य असते. सुवासिक तांदळाच्या बहुतेक जातींमध्ये एक जनुक निकामी झालेले असल्यामुळे हे द्रव्य दाण्यात साठते आणि एक अब्ज भाग पाण्यात त्याचा एक दशांश भाग असला तरी माणसाच्या नाकाला तो जाणवतो. पण हेच द्रव्य मक्याच्या लाह्यांत आणि पावाच्या खरपूस कडेतही असते. म्हणजे पेटीने तेवढे एकच द्रव्य अचूक सोडले, तर वास घेणाऱ्याला खानापूरचे स्वयंपाकघर आठवेल की एखाद्या जत्रेतील लाह्यांची गाडी, याची खात्री देता येणार नाही. पेजेचा, ओल्या सरपणाच्या धुराचा, शेणाने सारवलेल्या जमिनीचा असे दुय्यम वास त्याच्याभोवती असतील तरच ते स्वयंपाकघर उभे राहील. याच कारणासाठी प्रयोगशाळांतही क्रोमॅटोग्राफच्या टोकाशी प्रशिक्षित माणूस नाक लावून बसतो आणि बाहेर पडणाऱ्या प्रत्येक द्रव्याचा वास त्याला कसा वाटला ते नोंदवत जातो. आपल्या पेटीसोबतही असा एखादा ‘नाकवाला’ माणूस गावोगाव फिरत असेल, तर कथेला एक चांगले पात्र मिळेल.

वास परत उभा करणे याहून कठीण आहे. डोळ्याला रंग ओळखण्यासाठी तीन प्रकारच्या शंकूपेशी पुरतात, म्हणूनच पडद्यावर तीन रंगांच्या ठिपक्यांतून सगळे चित्र तयार होते. नाकाची व्यवस्था तशी नाही. लिंडा बक आणि रिचर्ड अ‍ॅक्सेल यांनी १९९१ साली गंधग्राहींच्या, म्हणजे नाकात वासाची द्रव्ये ओळखणाऱ्या रेणूंच्या, जनुकांचे मोठे कुटुंब उजेडात आणले आणि त्यासाठी त्यांना २००४ चे नोबेल पारितोषिक मिळाले. माणसात अशा ग्राहींचे सुमारे ४०० कार्यरत प्रकार आहेत. एक द्रव्य अनेक ग्राहींना कमीअधिक चेतवते, एक ग्राही अनेक द्रव्यांना प्रतिसाद देतो आणि या सगळ्या मेळातून एक वास ओळखला जातो. त्यामुळे ज्यांच्या मिश्रणातून हवा तो वास तयार करता येईल असे मोजके मूळ वास कोणाला सापडलेले नाहीत. रेणूची रचना पाहून त्याचा वास कसा असेल, याचे बऱ्यापैकी भाकीत करणारी संगणकप्रणाली मात्र २०२३ साली प्रसिद्ध झाली आहे, तेव्हा या दिशेने पाऊल पडले आहे, हे निश्चित. कुप्या संपतात, त्या भरून आणण्यासाठी बेळगावला यावे लागते, त्यातील हलकी द्रव्ये उन्हाळ्यात आधी उडून जातात आणि मग वास एका बाजूला झुकतो, ही व्यवहाराची बाजू कथेत जरूर येऊ द्या.

आणखी एक गोष्ट. मातीकामासाठी नावाजलेल्या खानापूरची कथा पहिल्या पावसाच्या वासाशिवाय पुरी होणार नाही. त्या वासातील जिओस्मिन हे द्रव्य मातीतील जिवाणू तयार करतात आणि पाण्यात एक लाख कोटी भागांत त्याचे मोजके भाग असले तरी ते आपल्याला कळते. कोरड्या दिवसांत दगड-मातीत मुरलेली तेलेही पावसाबरोबर मोकळी होतात. ऑस्ट्रेलियातील दोन शास्त्रज्ञांनी १९६४ साली या वासाला ‘पेट्रिकोर’ असे नाव दिले. मात्र उत्तर प्रदेशातील कनौजचे गंधी भाजलेल्या मातीचे तुकडे देगेत उकळून त्यांची वाफ चंदनाच्या तेलात उतरवण्याचे काम त्याच्या कितीतरी आधीपासून करत आले आहेत. आपल्या वासपेटीचे पूर्वज शोधायचे झाल्यास ते परदेशी प्रयोगशाळेआधी त्या देगेत शोधावेत, असे मला वाटते.


अभ्यासिका (टिळकवाडी, बेळगाव)

मी मज्जाशास्त्राची विद्यार्थिनी आहे. काचनळी सरांनी पेटीविषयी लिहिले आहे, मी पट्ट्याविषयी लिहिते.

इतर संवेदना मेंदूच्या वरच्या थरांत पोहोचण्यापूर्वी थॅलॅमस नावाच्या केंद्रातून जातात. वासाचा संदेश हा टप्पा वगळून नाकाच्या वर असलेल्या घ्राणकंदातून थेट पुढे जातो आणि भावनांशी संबंधित अमिग्डला व आठवणींशी संबंधित हिप्पोकॅम्पस यांच्याशी त्याचा फार जवळचा संबंध येतो. ज्येष्ठ नागरिकांना शब्द, चित्रे आणि वास दाखवून त्यांच्या मनात कोणत्या वयातील आठवणी येतात, हे पाहणारा एक अभ्यास २००६ साली प्रसिद्ध झाला. शब्दांनी आणि चित्रांनी मुख्यतः ११ ते २० या वयातील आठवणी जाग्या झाल्या. वासांनी मात्र पहिल्या दहा वर्षांतील. आपल्या आज्जीच्या बाबतीत हे फार महत्त्वाचे आहे, कारण वखारीतील आयुष्य तिच्या तरुणपणी सुरू झाले असेल, तर वास तिला कदाचित त्याच्याही मागे, माहेरच्या अंगणात घेऊन जाईल आणि नातीने तयार करून आणलेली प्रश्नावली तशीच कोरी राहील.

पट्ट्याला मात्र कल्पनेची मोठी सवलत लागेल. घ्राणकंदाच्या हालचालीचे संकेत भुवयांच्या वर लावलेल्या इलेक्ट्रोडांनी टिपता येतात, असे स्वीडनमधील संशोधकांनी २०२० साली मांडले आहे, म्हणून पट्टा कपाळावर बांधायचा ठेवलात तर त्याला थोडा आधार मिळेल. हिप्पोकॅम्पस मेंदूत खोल असतो. तेथील एकेका पेशीची हालचाल कपाळावरून वाचणे आज शक्य नाही. उंदरांवर यापुढचे काम झालेले आहे. भीतीच्या अनुभवाच्या वेळी हिप्पोकॅम्पसमधील ज्या पेशी जाग्या होत्या त्यांना खूण करून ठेवून, नंतर वेगळ्याच जागी केवळ प्रकाशाने त्या चेतवल्यावर उंदीर भीतीने जागच्या जागी थिजले, असे सुसुमू तोनेगावा यांच्या प्रयोगशाळेने २०१२ साली दाखवले. २०१९ साली तर उंदरांनी कधीही न घेतलेल्या वासाची आठवण, घ्राणकंदातील नेमकी जागा प्रकाशाने चेतवून, त्यांच्या मेंदूत तयार करण्यात आली. यासाठी त्या उंदरांच्या पेशींत जनुकीय बदल केलेले होते आणि मेंदूपर्यंत तंतू पोहोचवलेले होते, हे विसरून चालणार नाही.

आज्जीची नोंद नातीने लावली तर काय होईल? माझे मत असे की नातीला आज्जीची वखार दिसणार नाही. आठवण कोणत्या पेशींच्या जुळणीत साठते, हे प्रत्येक मेंदूत वेगळे असते आणि आज्जीच्या मेंदूतील जुळणीला नातीच्या मेंदूत तोडीस तोड जागाच नसते. फार तर शरीराची अवस्था जाऊ शकेल, म्हणजे छातीतील धडधड, श्वासाची गती, अकारण वाटणारी भीती किंवा निवांतपणा. कारण न कळता दुसऱ्याची भीती अंगात येणे, हे कथेच्या दृष्टीने संपूर्ण चित्र दिसण्यापेक्षा अधिक सामर्थ्याचे ठरेल.

झीज होते का, याचे उत्तर दुहेरी आहे. झोपेत वास दिल्याने आठवण पक्की होते, याचा पुरावा आहे: २००७ साली जर्मनीतील संशोधकांनी पत्त्यांच्या जागा लक्षात ठेवण्याचा खेळ गुलाबाच्या वासात शिकवला आणि गाढ झोपेत तोच वास पुन्हा दिला, तेव्हा सकाळी जागा अधिक चांगल्या आठवल्या. दुसऱ्या बाजूने, जागी केलेली आठवण काही काळ पुन्हा कच्ची होते आणि नव्याने साठवावी लागते, हे २००० साली उंदरांवरील प्रयोगांतून दिसले. त्या अवधीत साठवणुकीत अडथळा आणला तर ती हरवते. शिवाय एखाद्या वासाशी पहिल्यांदा जोडली गेलेली गोष्ट मेंदूत विशेष पक्की बसते, असे २००९ मधील एका अभ्यासात आढळले आहे. म्हणून रोज संध्याकाळी दवाखान्याच्या खाटेवर पेटी लावली, तर हळूहळू त्या वासात खाट, औषधे आणि नातीचा चेहराही मिसळत जाईल, जुना धागा तुटणार नाही, पण त्याच्या भोवती बरेच काही गुंडाळले जाईल.

आज्जीच्या आजाराबद्दलही एक सूचना करते. अल्झायमरमध्ये वास ओळखण्याची क्षमता पुष्कळदा लवकरच कमी होते. पेटी अचूक वास सोडत आहे आणि आज्जीपर्यंत तो पोहोचतच नाही, असा प्रसंग आपल्याला टाळता येणार नाही.


कोर्टकट्टा (चिकोडी)

कायद्याची बाजू थोडक्यात सांगतो. अशी नोंद डिजिटल असेल तर ती वैयक्तिक माहिती ठरेल आणि भारतात २०२३ साली झालेल्या डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण कायद्यानुसार साधारणपणे त्या व्यक्तीची स्वेच्छेने, समजून-उमजून दिलेली संमती लागेल. विसर पडू लागलेल्या आज्जीची संमती कोण आणि कशी घेणार, हा प्रश्न नातीला पहिल्याच दिवशी पडला पाहिजे. आपल्या मृत्यूनंतर आपले हक्क कोणी वापरावेत याचे नामनिर्देशन करण्याची सोयही त्या कायद्यात आहे. आज्जीने लेकीचे नाव दिले आणि पेटी नातीजवळ राहिली, तर दोघींत खरा संघर्ष उभा राहील.


वखारीची लेक (निपाणी)

सगळ्यांचे लिहिणे दोनदा वाचले आणि मग ठरवले की आपणही लिहावे. माझी आई आणि मावशी, दोघीही तंबाखूच्या वखारीत कामाला होत्या, त्यामुळे निपाणीच्या घराविषयी मला काही सांगायचे आहे.

मलप्रभाकाठ, आपल्या मनात असे दिसते की पेटीतून तंबाखूचा वास येईल आणि आज्जीला तिचे आयुष्य आठवेल. माझ्या आईला तंबाखूचा वास येत नसे. ती संध्याकाळी उंबऱ्यात आली की आम्ही भावंडे शिंकू लागत असू, तिचे लुगडे दांडीवर वेगळे पडत असे आणि पाहुण्यांच्या घरी ती मुद्दाम दाराजवळ बसत असे. पण तिला विचारले तर ती म्हणे, कसला वास, मला काही कळत नाही. दिवसभर जमिनीवर बसून पाला चाळायचा, काड्या वेचायच्या, तोंडाला फडके बांधायचे आणि तरी भुकटी घशात जायचीच, अशा कामात नाकाने त्या वासाची दखल घेणे कधीच सोडून दिलेले असते. येथील जाणकार सांगतील, पण सतत सोबत असलेल्या वासाची जाणीव मंद होते, हे आम्ही घरातच पाहिले आहे. म्हणून तंबाखूचा वास ही नातीची आठवण आहे. सुटीत आजोळी आल्यावर आज्जीच्या पदरात तोंड खुपसल्याची ती आठवण आहे. आज्जीची नाही.

हाच वास गावात इतरांसाठी आणखी वेगळा होता. शेतकऱ्याच्या नाकात तो वाळत घातलेल्या पिकाचा वास होता आणि त्या वासाबरोबर भाव काय मिळणार, ही काळजी यायची. १९८१ च्या तंबाखू आंदोलनात हे शेतकरी पुणे-बंगळूर महामार्गावर ठाण मांडून बसले होते आणि त्या गोळीबाराची गोष्ट आजही आमच्याकडे घराघरांत सांगितली जाते. व्यापाऱ्याला तोच वास मालाची प्रत सांगत असे. वखारीतील बायांना रोजगाराचा आणि खोकल्याचा हिशेब होता. अभ्यासिका ताईंनी लिहिले आहे की नातीला आज्जीच्या शरीराची अवस्था तेवढी जाणवेल. मग ती अवस्था सुखाची असेल, असे गृहीत धरू नका. मुकादमाचे पाऊल वाजले की आईचे हात आपोआप भरभर चालत, हे मी पाहिले आहे. नातीच्या अंगात ती घाई अचानक आली तर ती का आली, हे तिला कळणार नाही आणि तिला ते शोधावेसे वाटेल. तेथून पुढे कथा आपोआप चालेल.

मग आईला कोणता वास आठवत असे? आजारपणात ती दोन गोष्टींचे नाव काढे. एक म्हणजे संकेश्वरी मिरची तव्यावर भाजताना उठणारा ठसका, कारण वर्षाची चटणी करण्याचा तो दिवस वखारीला सुटी घेऊन चार बायांनी मिळून काढलेला असे. दुसरा वास नहाणीतल्या चुलीचा. कामावरून आल्यावर तापलेले पाणी अंगावर घेईपर्यंत ती कोणाशी बोलत नसे आणि त्या पाण्याला जळणाऱ्या काटक्यांचा जो धुरकट वास असे, तो तिच्या लेखी दिवस संपल्याची खूण होता. मिरचीचा ठसका हा वास नसून नाकातोंडाची आग आहे, असे कोणी म्हणेल. तरी पेटीत तो कसा साठवायचा, याचा विचार व्हावा, कारण आमच्या बायांच्या आठवणींत तो फार मोठ्या जागी आहे.

माझी विनंती एवढीच आहे की कोणता वास नोंदवायचा, हे कथेत आज्जीला ठरवू द्या. पुण्याहून आलेल्या नातीने वखारीत जाऊन हवा भरून आणली आणि आज्जीच्या नाकाशी धरली, असे झाले तर ती नोंद आज्जीच्या नावावर राहील आणि तिच्यात आज्जी नसेल. माझ्या आईच्या बाबतीत लोकांनी पुष्कळदा असेच केले आहे. तिच्याविषयी लिहिले, छायाचित्रे काढली, तिला काय वाटते ते मात्र विचारायचे राहून गेले.


मलप्रभाकाठ (खानापूर)

ताई, आपल्या लिहिण्याने निपाणीचे घर मला नव्याने दिसले. आपली हरकत नसेल तर कथेत असे घडवीन: नातीने वखारीतून भरून आणलेल्या हवेला आज्जी काहीच प्रतिसाद देत नाही, नात पेटी बिघडली असे समजते आणि त्याच दिवशी शेजारी कोणी मिरची भाजायला घेतल्यावर आज्जी उठून बसते. पेटीत त्या क्षणी काय नोंदले गेले, हे नातीला पुढे हळूहळू उमगत जाईल. कोर्टकट्टा यांनी सुचवलेले लेकीचे पात्रही मी घेत आहे. पेटी लावण्याला आता मर्यादा असेल. प्रत्येक वेळी काय मिसळले गेले याची नोंद पेटी स्वतःच ठेवील आणि लेक ती नोंद वाचून पेटी लावू द्यायची की नाही, ते ठरवील.

हिडकलचा शेतकरी मात्र अजून अडलेला आहे. ज्या वासाचा उगमच पाण्याखाली आहे तो पेटीत कुठून आणायचा?


घटप्रभेचा (हुक्केरी)

आमच्या घरातील थोरली माणसे त्या विस्थापनातून गेली आहेत, म्हणून सांगतो. उन्हाळ्यात धरणाचे पाणी ओसरले की हुन्नूरचे विठ्ठल मंदिर पुन्हा वर येते आणि कन्नड बोलणारे व मराठी बोलणारे, दोन्हीकडचे लोक ते पाहायला जातात. थोरली माणसे तेथे गेली की देवळापेक्षा जुन्या वाटेची आणि घराच्या जोत्याची जागा शोधत राहतात. पण तेथे वास येतो तो गाळाचा. जोंधळ्याच्या कणगीचा, गोठ्याचा, सोप्यात टांगलेल्या घोंगड्यांचा वास त्या जागेत राहिलेला नाही. तो लोकांनी नव्या गावी नेलेल्या वस्तूंत थोडाफार उरला आहे. आमच्याकडे जुन्या घराच्या तुळईचे लाकूड नव्या घराला वापरले आहे आणि ओल्या हवेत त्याला अजून धुराचा वास येतो. आपल्या शेतकऱ्याने पेटी पाण्याकडे न नेता अशा वस्तूंकडे न्यावी.


काचनळी (बेळगाव)

घटप्रभेचा यांची सूचना रसायनाच्या दृष्टीनेही बरोबर आहे. चुलीच्या धुरातील ग्वायकॉलसारखी द्रव्ये लाकडाच्या छिद्रांत मुरतात आणि वर्षानुवर्षे फार हळू बाहेर पडतात. हवा दमट झाली की पाण्याचे कण त्यांची जागा घेतात आणि ती थोडी अधिक सुटतात, म्हणून पावसाळ्यात जुन्या लाकडाला वास येतो. शेतकऱ्याने तुळईचा लहानसा तुकडा काचेच्या बरणीत किंचित ओल देऊन बंद करावा, हलकी ऊब द्यावी आणि वरची हवा नळीतून ओढावी. घोंगडीचेही तसेच करता येईल. लोकरीत माणसाच्या आणि जनावराच्या अंगाचे वास चांगले धरून राहतात. अशा चार-पाच वस्तूंच्या नोंदी वेगवेगळ्या ठेवून त्यांचे प्रमाण त्याने स्वतः नाकाने जुळवावे, कारण मूळ सोपा आता फक्त त्याच्याच नाकाला माहीत आहे आणि कोणत्याही यंत्राला ते प्रमाण तपासता येणार नाही.

वखारीची लेक यांनी विचारलेल्या ठसक्याचे उत्तर राहिले होते. मिरचीची आग कॅप्सेसिन या द्रव्यामुळे होते आणि ती गंधग्राहींना न कळता नाका-डोळ्यांतील वेदना व उष्णता जाणणाऱ्या मज्जातंतूंना कळते. ते द्रव्य सहज उडणारे नाही. तव्यावर भाजताना धुराच्या बारीक कणांवर बसून ते हवेत येते. तेव्हा पेटीला वाफेच्या कुप्यांखेरीज बारीक फवारा सोडणारी एक स्वतंत्र तोटी द्यावी लागेल आणि तिची मात्रा फार जपून ठेवावी लागेल, विशेषतः आज्जीला वखारीतल्या वर्षांचा खोकला असेल तर.